कात्री आणि कपाट

(मंडळाच्या गणेशोत्सवात, गौरीजेवणाच्या दुसऱ्या दिवशी संध्याकाळी, शनवाऱ्यातल्या मंडपात दिलेल्या व्याख्यानाचा हा मजकूर. बोलण्याची भाषा तशीच ठेवली आहे.)



कार्यकारिणीने आम्हाला सिनेमावर बोलायला सांगितलं, तेव्हा पुष्कळांना वाटलं की आता शेजारच्या खांडव्याच्या किशोरकुमार-अशोककुमारांच्या गोष्टी ऐकायला मिळणार. त्या आपल्या सगळ्यांनाच पाठ आहेत. आज ज्यांच्याविषयी बोलायचं आहे त्यांचा चेहरा पडद्यावर कधी दिसत नाही आणि पोस्टरवर त्यांचं नाव शोधावं लागतं. एक म्हणजे सिनेमाचा संकलक, म्हणजे एडिटर. दुसरा, तो सिनेमा पुढे पन्नास-शंभर वर्षं जपून ठेवणारा माणूस. एकाच्या हातात कात्री, दुसऱ्याच्या हातात कपाटाची किल्ली.

आमचा हा धंदा नाही. आम्ही सरकारी नोकर, पदविका घेऊन नोकरीला लागलो आणि नस्त्यांमध्ये रमलो. पण या विषयाशी आमचं एक जुनं देणं आहे. ते आधी सांगतो.

आमचे आजोबा पेटी वाजवायचे. थोरल्या मंडळींना आठवत असेल. १९९३ च्या गणेशोत्सवात याच मंडळात त्यांचं वादन झालं, आणि कुणीतरी भाड्याने व्हिडिओ कॅमेरा आणला होता म्हणून त्याची एक कॅसेट आमच्या घरी आली. तीन तासांची. पुढच्या वर्षी आजोबा गेले. कॅसेट कपाटात राहिली. मग आला एप्रिल १९९८. शारजात वाळूचं वादळ झालं आणि सचिन खेळायला लागला. घरात कोरी कॅसेट नव्हती. आम्ही दोघा भावांनी कपाटातून हाताला लागली ती कॅसेट घातली आणि बटण दाबलं. सचिनने १४३ केल्या. तो बाद झाल्यावर आम्ही रेकॉर्डिंग थांबवलं. दुसऱ्या दिवशी वडिलांनी कॅसेटवरची चिठ्ठी वाचली. रागावले नाहीत. चिठ्ठी परत चिकटवली आणि कामाला निघून गेले.

आज सचिनची ती खेळी कुणालाही, कुठेही, दोन मिनिटांत पाहता येते. आमच्या आजोबांची पेटी जगात कुठेच नाही. व्हिडिओ टेपवर नवं रेकॉर्डिंग करताना यंत्र आधी जुनं पुसून मगच नवं लिहितं. त्यामुळे ते परत काढता येत नाही, हे आम्ही नंतर जाणकारांना विचारून पाहिलं.

म्हणून हा विषय. काय ठेवायचं आणि काय टाकायचं, हे ठरवणारी माणसं कशी काम करतात, ते आम्हाला समजून घ्यायचं होतं.

आधी संकलकाचं काम पाहू. आपल्या शहरात मागावर काम केलेली मंडळी घरोघर आहेत, त्यांना हे लगेच कळेल. मागावर धागा तुटला की कारागीर दोन टोकं जुळवून गाठ मारतो. गाठ चांगली असेल तर ताग्यावर हात फिरवला तरी लागत नाही. संकलकाचंही तसंच. दोन दृश्यांचा सांधा प्रेक्षकाला जाणवला नाही, तर काम नीट झालं.

फिल्मच्या काळात हे काम खरोखरच हाताचं होतं. ३५ मिलिमीटरची फिल्म सेकंदाला २४ चित्रं दाखवते. एका मिनिटाला ९० फूट फिल्म लागते. हजार फुटांचं रीळ अकरा मिनिटांत संपतं. कॅमेऱ्यातून निघते ती निगेटिव्ह. तिच्यावरून एक कामाची प्रत काढायची, तिला रशेस म्हणतात. संकलक या प्रतीवर काम करतो. टेबलावर यंत्र असतं, त्यात फिल्म पुढे-मागे फिरवून पाहायची, मेणाच्या पेन्सिलीने खूण करायची, कापायची, चिकटवायची. आवाज वेगळ्या पट्टीवर असतो, तो चित्राशी जुळवायचा. न लागणारे तुकडे काढायचे, पण लगेच फेकायचे नाहीत, कारण उद्या दिग्दर्शक म्हणेल, काल काढलेलं ते बघू बरं. सगळं ठरलं की मग शेवटी, एकदाच, मूळ निगेटिव्हला कात्री लावायची. फिल्मच्या काठावर आकडे छापलेले असतात, ते जुळवून निगेटिव्ह तशीच कापायची. ही कापलेली निगेटिव्ह म्हणजे त्या सिनेमाचा सातबारा. थिएटरात लागतात त्या प्रिंटा तिच्या नकला. नकला शंभर निघतात, मूळ उतारा एकच असतो.

आता आपल्याकडे हे काम पहिल्यांदा कुणी केलं? पुस्तकांत दादासाहेब फाळके यांचं नाव असतं, आणि ते बरोबरच आहे. पण त्यांच्या घरातल्या एका बाईंनी हे काम शिकून घेतलं होतं, त्यांचं नाव सरस्वतीबाई फाळके.

१९१२ साली दादासाहेब लंडनहून कॅमेरा आणि फिल्मला भोकं पाडायचं यंत्र घेऊन आले. तेव्हा कच्ची फिल्म काठाला भोकं नसलेली यायची. ती भोकं घरी, अंधारात पाडावी लागत. अंधार असा हवा की उजेडाची तिरीपसुद्धा नको, नाहीतर फिल्म जळून वाया. हे काम सरस्वतीबाईंनी शिकून घेतलं. रसायनं कालवणं, फिल्म धुणं, जोडणं, उन्हात पांढरी चादर धरून नटांच्या तोंडावर उजेड पाडणं, आणि शिवाय साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक. पैसे उभे करायला दागिने दिले ते वेगळेच. नव्या कॅमेऱ्याने दादासाहेबांनी आधी वाटाण्याचं रोपटं कसं वाढतं त्याची छोटी फिल्म केली, ती पाहून लोकांचा विश्वास बसला. मग ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन सिनेमात 'राजा हरिश्चंद्र' लागला.

भारतातली पहिली संकलक म्हणून आज जाणकार सरस्वतीबाईंचं नाव घेतात. त्या काळात कुणी त्यांचं नाव पडद्यावर लिहिलं नाही. चार रिळांच्या त्या सिनेमापैकी आज पहिलं आणि शेवटचं रीळ शिल्लक आहे. तीही १९१७ साली पुन्हा चित्रित केलेल्या आवृत्तीची असावीत, असं काही अभ्यासक मानतात. मधली दोन रिळं गेली. ज्या बाईने अंधारात बसून फुटाफुटाला भोकं पाडली, तिच्या कामाचा हा एवढाच भाग उरला.

आणि उरला तोही कुणीतरी शोधायला गेलं म्हणून. १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं. पुढच्या वर्षी पी. के. नायर तिथे रुजू झाले. मूळचे केरळचे, पण त्यांचं आयुष्य पुण्यात गेलं. ते सरकारी नोकर होते, हे आम्ही मुद्दाम सांगतो, कारण आमच्या जमातीविषयी बरं बोलायची संधी क्वचित मिळते. कपाटाची किल्ली हाती असलेल्या या माणसाने किल्ली खिशात घालून वाट पाहिली नाही. तो दारोदार गेला. नाशिकला फाळके कुटुंबीयांकडे जाऊन त्यांनी दादासाहेबांच्या फिल्म मिळवल्या. त्यांतच 'कालिया मर्दन' होता, १९१९ चा. त्यात बाळकृष्ण झाली आहे ती दादासाहेबांची मुलगी मंदाकिनी. सुटे तुकडे हाती आल्यावर कोणता आधी, कोणता नंतर, हे जुळवणं हेही संकलनच. फक्त इथे कापायचं काही नसतं, सगळं जोडायचं असतं. १९९१ मध्ये नायर निवृत्त झाले तोवर संग्रहालयात सुमारे बारा हजार चित्रपट जमले होते.

पण जे मिळालं नाही त्याचा आकडा फार मोठा आहे. मूकपटांच्या काळात आपल्या देशात हजाराहून अधिक चित्रपट झाले. त्यांतले पूर्ण किंवा बऱ्यापैकी शिल्लक आहेत ते बोटांवर मोजावेत इतके. १९३१ चा 'आलम आरा', देशाचा पहिला बोलपट, त्याची एकही प्रत नाही. उलट पुढच्याच वर्षीचा प्रभातचा 'अयोध्येचा राजा', आपला पहिला मराठी बोलपट, आजही पाहता येतो.

एवढे चित्रपट गेले कुठे? त्याला कारणं आहेत. पहिलं म्हणजे त्या काळची नायट्रेट फिल्म. ती झपाट्याने पेट घेते आणि विझवता येत नाही. जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच, प्रभातच्या जुन्या आवारात, म्हणजे आजच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या परिसरात, नायट्रेट फिल्म ठेवलेल्या कोठाराला आग लागली. प्रभातच्या कित्येक चित्रपटांच्या मूळ निगेटिव्ह त्यात गेल्या. बऱ्याच चित्रपटांच्या दुसऱ्या प्रती होत्या म्हणून चित्रपट राहिले, पण मूळ उतारा गेला तो गेलाच.

दुसरं कारण चांदी. काळ्या-पांढऱ्या फिल्मवरचं चित्र चांदीच्या कणांनी बनतं. सिनेमा थिएटरातून उतरला, त्याचा धंदा संपला, की रिळं किलोच्या भावाने विकली जात आणि त्यांतून चांदी काढली जाई. घरात पैशाची नड असली की बाई गोठ-पाटल्या मोडते, तसंच. नड खरी असते, त्यामुळे दोष कुणाला द्यायचा हा प्रश्नच आहे. पण पाटल्या पुन्हा घडवता येतात.

तिसरं कारण आपली हवा. नंतरची फिल्म पेट घेणारी नव्हती, पण उष्णता आणि दमट हवा यांनी ती आतून कुजते. कुजू लागली की डबा उघडताच शिरक्याचा, म्हणजे व्हिनेगरचा वास येतो. तो वास एका डब्यातून शेजारच्या डब्यांना लागतो. मे महिन्यातलं आपलं बुऱ्हाणपूर आणि त्यानंतरचा जुलै आठवा, म्हणजे फिल्मवर काय बेतत असेल ते कळेल.

आता एका संकलकाची कारकीर्द सांगतो. त्यांचं नाव भानुदास दिवाकर. आपल्यापैकी किती जणांनी ते ऐकलं आहे? हात वर करा. बरं. आता दुसरा प्रश्न. 'अंकुर', 'निशांत', 'मंथन', 'भूमिका' यांतला एखादा तरी किती जणांनी पाहिला आहे? बघा, निम्मा मंडप. हे चारही चित्रपट भानुदास दिवाकरांच्या टेबलावरून गेले. १९७४ पासून वर्षाला एक. पुढे 'जुनून', आणि नंतर 'मंडी'. सगळे श्याम बेनेगल यांचे. मोठ्या स्टुडिओंच्या आणि बड्या नटांच्या बाहेरचे, कमी पैशांचे, स्वतंत्र वळणाचे सिनेमे. 'जुनून'साठी दिवाकरांना संकलनाचा पुरस्कार मिळाला. संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार 'इन्कार'साठी गोव्याचे वामन भोसले यांना मिळाला होता.

स्वतंत्र सिनेमाच्या संकलकाचं काम जास्त कठीण का? मोठ्या बजेटच्या सिनेमात एक दृश्य जमलं नाही तर पुन्हा चित्रण करता येतं. इथे फिल्मच मोजून विकत आणलेली असते. जे आलं आहे त्यातूनच घर उभं करायचं. आपल्या घरात नाही का, पाहुणे अचानक वाढले की घरची बाई आहे त्याच पिठात सगळं निभावते आणि पाहुण्याला कळूही देत नाही.

'भूमिका' पाहा. हंसा वाडकर यांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मकथनावरून तो घेतला आहे. हंसाबाई म्हणजे प्रभातच्या 'संत सखू'मधली सखू. स्मिता पाटील यांनी त्यात नायिका केली. स्मिताबाईंचं घराणं शिरपूरचं, म्हणजे आपल्या खानदेशातलं, तापीकाठचं. सिनेमात एका बाईचं बालपण, तारुण्य, चार वेगवेगळी घरं, असं सारखं मागे-पुढे जात राहतं. भूतकाळ कृष्णधवल आणि तपकिरी छटांत, आजचं आयुष्य रंगीत. इतक्या उड्या असूनही पाहणारा कुठे हरवत नाही. ती करामत टेबलावरची आहे.

आणि 'मंथन'. गुजरातमधल्या पाच लाख शेतकऱ्यांनी प्रत्येकी दोन-दोन रुपये घातले, दहा लाख झाले, आणि १९७६ साली हा सिनेमा आला. दूध उत्पादक गावकऱ्यांची सहकारी संस्था कशी उभी राहते त्याची गोष्ट. लेखन विजय तेंडुलकरांचं. सुरुवातीलाच गंमत आहे. शहरातून डॉक्टर येणार म्हणून गावची मंडळी स्टेशनावर हार घेऊन येतात, पण उशिरा, कारण गाडी चक्क वेळेवर आलेली असते! सिनेमा प्रदर्शित झाल्यावर त्याच्या १६ मिलिमीटरच्या लहान प्रती गावोगाव नेऊन दाखवल्या गेल्या आणि त्यातून नव्या दूध संस्था उभ्या राहायला मदत झाली.

सिनेमा १३४ मिनिटांचा आहे. मघाच्या हिशेबाने बारा हजार फूट फिल्म, आणि सुमारे १ लाख ९३ हजार चित्रं. पुढची पन्नास वर्षं हे सगळं कुठे होतं? मूळ निगेटिव्ह पुण्याच्या संग्रहालयात. एक प्रिंट मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनकडे. ही संस्था शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांनी २०१४ मध्ये सुरू केली. त्याआधी त्यांनी नायर साहेबांवर 'सेल्युलॉइड मॅन' नावाचा माहितीपट केला होता, आणि योगायोग पाहा, जपणुकीवरच्या या चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला त्यांत एक संकलनाचा होता, आयरीन धर मलिक यांना.

या संस्थेने 'मंथन' पुन्हा उभा केला. चित्र निगेटिव्हवरून घेतलं, आवाज प्रिंटवरून. म्हणजे एका कपाटातून डोळे आले, दुसऱ्या कपाटातून कान. फाटलेले काठ दुरुस्त करायचे, धूळ-बुरशी काढायची, एकेक चित्र संगणकावर उतरवायचं, ओरखडे काढायचे. रंग उडाले होते, ते मूळचे कसे होते हे सांगायला छायालेखक गोविंद निहलानी आणि स्वतः बेनेगल हयात होते. मे २०२४ मध्ये हा सिनेमा फ्रान्सच्या कान महोत्सवात दाखवला आणि जूनमध्ये आपल्या देशातल्या थिएटरांत पुन्हा लागला. त्याच डिसेंबरात बेनेगल गेले. काम आणखी पाच वर्षं लांबलं असतं तर 'या गवताचा रंग नेमका कसा होता' हे सांगायला ते नसते. आमच्या मनाला ही गोष्ट सगळ्यात जास्त लागली. वस्तू टिकली तरी पुरत नाही. ती ओळखणारा माणूस असेपर्यंतच ती नीट उभी करता येते.

भानुदास म्हटलं की आपल्याला दुसरे एक भानुदास आठवतात. नाथांचे पणजोबा. विजयनगरला नेलेली पांडुरंगाची मूर्ती त्यांनी परत पंढरपूरला आणली, असं वारकरी परंपरा सांगते. मूर्ती घडवणाऱ्याचं नाव कुणाला ठाऊक नाही, परत आणणाऱ्याचं सगळ्यांना आहे. सिनेमात मात्र दोघांचीही नावं माहीत नसतात.

मराठीतलंच आणखी एक उदाहरण देतो. 'घाशीराम कोतवाल' हे नाटक आपल्याला माहीत आहे. १९७६ मध्ये फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांनी युक्त नावाची सहकारी संस्था काढून त्यावर सिनेमा केला. दिग्दर्शकही एक नाही, चौघे. मणि कौल, के. हरिहरन, सईद मिर्झा आणि कमल स्वरूप. पटकथा तेंडुलकरांची, नाना मोहन आगाशे, आणि घाशीरामाच्या भूमिकेत नवखे ओम पुरी. हा सिनेमा इकडे जवळजवळ दिसेनासा झाला होता. त्याची प्रिंट राहिली होती जर्मनीत, बर्लिनच्या आर्सेनाल या संस्थेत. तिच्यावरून त्याचं डिजिटल रूप तयार झालं आणि २०१४ मध्ये तो पुन्हा पडद्यावर आला. पेशव्यांच्या पुण्यावरचा मराठी सिनेमा बर्लिनच्या कपाटाने जपला. त्यांचे आभार मानावेत आणि थोडं खजीलही व्हावं.

आता आपल्या मंडपात परत येऊ. हे सगळं शनवाऱ्यात कशासाठी सांगितलं?

कुंडी भंडाऱ्याचं पाणी चारशे वर्षं वाहतं आहे, याचा आपल्याला अभिमान आहे. ते आपोआप वाहत राहिलेलं नाही. गाळ कुणीतरी काढत आलं म्हणून वाहिलं. आपली मराठी घरं इथे पिढ्यान्‌पिढ्या आहेत. बोलण्यात हिंदी मिसळली, निमाडी मिसळली, ते चांगलंच झालं. पण आपण इथे कसे राहिलो, कसे बोललो, गणपतीत काय गायलो, मंगळागौरीला काय खेळलो, याची नोंद कोणत्याही सरकारी कोठारात नाही. ती आपल्या माळ्यांवर आहे. मंडळाच्या लोखंडी कपाटातही आहे. यंदा साफसफाई करताना त्या कपाटात एक खोकं सापडलं. अकरा व्हिडिओ कॅसेट. सातांवर चिठ्ठीच नाही. तिघांना बुरशी. एक जण म्हणाला, "फेकून द्या, आता लावणार कशात?" खोकं दारापर्यंत गेलं होतं.

आमच्या कार्यालयात नस्त्यांचं वर्गीकरण असतं. काही कायम ठेवायच्या, काही ठरावीक वर्षांनी नष्ट करायच्या. सगळंच ठेवलं तर बसायला जागा राहणार नाही, हे आम्हालाही कळतं. संकलकही टाकतोच, टाकल्याशिवाय सिनेमा होत नाही. पण तो पाहून टाकतो. पुन्हा पुन्हा पाहतो, खूण करतो, आणि मगच कात्री लावतो. आम्ही भावांनी १९९८ साली न पाहता कात्री लावली. फरक एवढाच आहे.

म्हणून काही साध्या गोष्टी सुचवतो. एकही खर्चिक नाही.

जुन्या कॅसेट आडव्या रचून ठेवू नका, पुस्तकांसारख्या उभ्या ठेवा. कोरड्या जागी, जमिनीपासून वर, माळ्याच्या पत्र्याखाली नको. बुरशी दिसली तर यंत्रात घालू नका. टेप खराब होते आणि यंत्रातून बुरशी दुसऱ्या कॅसेटला लागते. आधी जाणकाराकडून साफ करून घ्या. चित्र उतरवून घेतलं की दोन प्रती करा आणि दोन वेगळ्या घरांत ठेवा. एक घर पाण्यात गेलं तरी दुसरं राहील. तापीकाठच्या माणसांना हे वेगळं सांगायला नको. आणि उतरवून झालं म्हणून मूळ कॅसेट फेकू नका. आजची प्रत उद्याच्या यंत्रात चालेलच असं नाही.

फोटोंच्या मागे शाईने नको, मऊ पेन्सिलीने नावं लिहा. कोण, कुठे, कोणतं साल. हे काम आजच्या आज करा, कारण ती नावं सांगणारी माणसं समोरच्या रांगेत बसली आहेत. बेनेगलांचं उदाहरण मघाशी दिलं ते यासाठीच.

आणि घरातल्या आजी-आजोबांना बोलतं करा. हल्ली प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. नातवाने दहा मिनिटं फोन समोर ठेवावा आणि विचारावं, आजी, तुझं लग्न झालं तेव्हा शनवाऱ्याच्या दरवाजाबाहेर काय होतं? संकलन नंतर होईल. आधी चित्रण तरी होऊ दे.

मंडळाने एक नोंदवही करावी असा प्रस्ताव आम्ही कार्यकारिणीपुढे ठेवला आहे. कुणाच्या घरी काय आहे याची नुसती यादी. वस्तू घरीच राहतील, मालकी ज्याची त्याची. दसऱ्यापर्यंत आम्ही दर रविवारी सकाळी इथे वही घेऊन बसू. त्या अकरा कॅसेटी सध्या आमच्याकडे आहेत. आठ साफ निघाल्या तर त्यांतली माणसं ओळखायला तुम्हा सगळ्यांना बोलवावं लागेल.

परवा आपण बाप्पाचं विसर्जन करू. मूर्ती पाण्यात सोडायची असते, ती घरात ठेवून घ्यायची नसते, हे आपल्याला लहानपणापासून शिकवलेलं आहे. पण आरतीचं ताम्हन, समई, पेटी हे आपण नदीत सोडत नाही. पुसून, कापडात गुंडाळून पुढच्या वर्षासाठी ठेवतो. काय सोडायचं आणि काय ठेवायचं, याची समज आपल्या घरात मुळातच आहे. ती कॅसेटच्या खोक्यापर्यंत पोचवायची, एवढंच मागणं आहे.

शेवटी एक गोष्ट राहिली. मघाशी सांगितलं, सचिन बाद झाल्यावर आम्ही रेकॉर्डिंग थांबवलं. कॅसेट तीन तासांची होती. म्हणजे शेवटी थोडी टेप उरली होती. पंचवीसहून अधिक वर्षं हे आमच्या लक्षातच आलं नाही, कारण सचिन बाद झाल्यानंतरचं पाहायला कोण थांबतं? यंदा ते खोकं सापडल्यावर आम्ही घरची ती कॅसेट काढली आणि इंदूरच्या एका जाणकाराकडून उतरवून घेतली. मैदान दिसतं, मग चित्र थरथरतं, पांढरे पट्टे येतात, आणि मग हाच मंडप. आजोबा भैरवीच्या शेवटाकडे आले आहेत. मान खाली. तबल्यावर कोण आहे ते आम्हाला ओळखता आलेलं नाही. मागे एक लहान मूल पळत जातं. मग सगळे आरतीला उठतात आणि टेप संपते. साडेचार मिनिटं.

आमचे वडील आज दुसऱ्या रांगेत बसले आहेत. त्यांनी अजून ती पाहिलेली नाही. आता दिवे घालवून ती साडेचार मिनिटं आपण सगळ्यांनी मिळून पाहू. तबलजी कोण आहेत ते कुणी ओळखलं, तर वही टेबलावर ठेवली आहे. पहिलं नाव तेच लिहू.

गणपती बाप्पा मोरया!